मतदारसंघाचा इतिहास काढायचाय? आधी हद्द बघा, मग आमदार

परवा सोलापुरात सात रस्त्यावर चहा पिताना पैज लागली. एकजण म्हणाला सांगोल्यात गणपतआबा (म्हणजे आमदार गणपतराव देशमुख) आयुष्यात कधी पडलेच नाहीत, सलग ११ वेळा निवडून आले. मी म्हणलं ११ वेळा आले हे खरं, पण सलग नाही, दोनदा पडलेत. तो म्हणाला काय बे, काहीपण फेकतो का. मग मोबाईलमध्ये ठेवलेला तक्ता उघडला आणि समोर धरला: १९७२ ला पडले, १९९५ ला पडले, आणि १९९५ ला तर फक्त १९२ मतांनी. चहा त्याच्या पैशाने झाला, पण तेव्हापासून तीन-चार जणांनी विचारलं की हा तक्ता बनवला कसा, आमच्या तालुक्याचा बनवायचाय. प्रत्येकाला वेगळं सांगत बसण्यापेक्षा एकदाच लिहून टाकतो.

पहिली गोष्ट, आणि इथेच निम्मे लोक घसरतात (मीपण घसरलो होतो). मतदारसंघाचं नाव तेच राहतं पण मतदारसंघ तोच राहत नाही. सुरुवात करताना मी सोलापूर शहर घेतलं होतं आणि दोन रात्री जागून तक्ता बनवला, आणि नंतर कळलं की 'शहर उत्तर' आणि 'उत्तर सोलापूर' ह्या दोन वेगळ्या जागांचे आकडे एकाच रांगेत भरलेत. आपल्याकडे ही भानगड भारी आहे बघा. उत्तर सोलापूर आणि दक्षिण सोलापूर हे तालुके, सोलापूर शहर उत्तर हा शहरातला मतदारसंघ, पूर्वी सोलापूर शहर दक्षिण पण होता, आणि दक्षिण सोलापूर नावाचा मतदारसंघ आजही वेगळा आहे. 'साऊथ' दिसलं की हात थांबवायचा, 'सिटी' शब्द आहे का नाही ते बघायचं, मगच आकडा उतरवायचा.

म्हणून आमदारांची यादी करायच्या आधी हद्दीची यादी करा. देशात मतदारसंघांची पुनर्रचना मोजक्या वेळाच झाली, आपल्या कामाच्या दोन. एक १९७६ चा आदेश, त्यावर १९७८ ते २००४ सगळ्या निवडणुका झाल्या. दुसरा २००८ चा आदेश, २००१ च्या जनगणनेवर बेतलेला, त्यावर २००९ पासून आजपर्यंतच्या. म्हणजे तुमच्या तक्त्यात २००४ आणि २००९ च्या मधे एक जाड रेघ मारायचीच, दुसरी रेघ १९७२ आणि १९७८ च्या मधे. रेघेच्या अलीकडचे आणि पलीकडचे आकडे थेट वजाबाकी करून 'अमुक पक्षाची मतं इतकी घटली' असं लिहायचं नाही, कारण मतदारच वेगळे आहेत.

पुनर्रचनेचा आदेश निवडणूक आयोगाच्या साईटवर आहे. त्यात प्रत्येक मतदारसंघासमोर तालुका, महसूल मंडळ, शहर असेल तर वॉर्ड असं लिहिलेलं असतं. कंटाळवाणं वाचन आहे पण खरी मजा तिथेच आहे. जिल्ह्यात आता ११ मतदारसंघ, क्रमांक २४४ करमाळा पासून २५४ माळशिरस पर्यंत. त्यात पंढरपूर तालुका एकटा चार मतदारसंघात वाटलेला आहे, पंढरपूर, माढा, मोहोळ आणि सांगोला. आता विचार करा, कोणी 'पंढरपूर तालुक्याचा कौल' असं म्हणलं तर नेमका कोणत्या आमदाराचा निकाल बघणार? तसंच करमाळा. माढा तालुक्यातली कुर्डूवाडी भागातली ३६ गावं करमाळा मतदारसंघात आहेत. २०१९ ला संजयमामा शिंदे करमाळ्यातून अपक्ष निवडून आले, त्यांचं घर माढा तालुक्यातलं, आणि तिथल्या प्रत्येक निवडणुकीत ही '३६ गावं' हा शब्द कानावर येतोच. ज्याला ही ३६ गावं माहीत नाहीत त्याला करमाळ्याचा निकाल कधीच उलगडणार नाही, तो आपला बागल गट, पाटील गट एवढंच करत बसेल.

२००८ च्या ह्या एका कागदाने जिल्ह्यातले किती जण कुठून कुठे हलवले ते बघा. माळशिरस अनुसूचित जातीसाठी राखीव झाला, त्यामुळे तिथून पुन्हा पुन्हा निवडून आलेल्या विजयसिंह मोहिते पाटलांना जागाच राहिली नाही, ते २००९ ला पंढरपुरातून उभे राहिले आणि भारतनाना भालकेंकडून हरले. पंढरपूर हा सुधाकरपंत परिचारकांचा बालेकिल्ला, १९८५ पासून तोपर्यंत तिथे तेच आमदार. मंगळवेढा हा पूर्वीचा राखीव मतदारसंघ नावासकट गेला आणि पंढरपुरात मिसळला, मंगळवेढ्याचे आमदार राहिलेले लक्ष्मणराव ढोबळे मोहोळला गेले आणि २००९ ला तिथून निवडून आले. मोहोळ राखीव झाला म्हणून तिथले राजन पाटील बाहेर. एका कागदाने एवढी उलथापालथ, आणि नुसती आमदारांची यादी वाचली तर वाटेल की २००९ ला सोलापूर जिल्ह्यात कसली तरी लाट आली होती.

हद्द झाली की वर्षांची यादी. १९५१-५२ आणि १९५७ ह्या दोन निवडणुका मुंबई राज्याच्या, १९५७ ची तर द्विभाषिक मुंबई राज्याची, संयुक्त महाराष्ट्राचा जोर होता तेव्हाची. ह्या दोन्हीत काही मतदारसंघ दोन सदस्यांचे असायचे, एकाच जागेसमोर दोन विजयी नावं दिसली तर छापायची चूक समजू नका. ती पद्धत १९६१ च्या कायद्याने बंद झाली. महाराष्ट्राची स्वतःची पहिली निवडणूक १९६२, पुढे १९६७, १९७२, १९७८, १९८०, १९८५, १९९०, १९९५, १९९९, २००४, २००९, २०१४, २०१९, २०२४. १९७२ नंतर थेट १९७८ का, तर मधे आणीबाणी. १९७८ नंतर दोनच वर्षात १९८० का, तर शरद पवारांचं पुलोद (पुरोगामी लोकशाही दल) सरकार बरखास्त झालं. हे लक्षात असू द्या, नाहीतर दर पाच वर्षांनी हिशोब लावत गेलात की १९७७ आणि १९८३ असली न झालेली वर्षं तक्त्यात घुसतात.

आणि पोटनिवडणुका! आयोगाच्या सार्वत्रिक निवडणुकीच्या अहवालात त्या नसतात, त्यामुळे घरी बसून बनवलेल्या ९० टक्के याद्यांत त्या गायब असतात (हा टक्का माझ्या मनाचा आहे, पण तुम्ही स्वतः बघा). सांगोल्याचंच घ्या. १९७२ ला काँग्रेसचे काकासाहेब साळुंखे पाटील निवडून आले, गणपतआबा पडले. पण काकासाहेबांच्या निधनानंतर १९७४ ला पोटनिवडणूक झाली आणि आबा परत आले. ती ओळ सोडली तर आबांच्या ११ विजयांपैकी १० च भरतात, आणि मग माणूस डोकं खाजवत बसतो की अकरावा कुठे गेला. त्याच १९७४ मधे करमाळ्यातही पोटनिवडणूक झाली, पोलिसातली नोकरी सोडून राजकारणात आलेले सुशीलकुमार शिंदे तिथून पहिल्यांदा आमदार झाले. मग २००३. शिंदे जानेवारीत मुख्यमंत्री झाले पण विधिमंडळाचे सदस्य नव्हते, घटनेप्रमाणे सहा महिन्यात निवडून यावं लागतं, म्हणून दक्षिण सोलापूरची जागा मोकळी झाली आणि ते तिथून आले. शेवटची अलीकडची म्हणजे पंढरपूर. भारतनाना २०२० च्या नोव्हेंबरमधे गेले, १७ एप्रिल २०२१ ला मतदान, २ मे ला निकाल, भाजपचे समाधान आवताडे १,०९,४५० आणि राष्ट्रवादीचे भगीरथ भालके १,०५,७१७. फरक ३,७३३.

आता आकडे कुठून आणायचे. निवडणूक आयोगाचे 'स्टॅटिस्टिकल रिपोर्ट' नावाचे पीडीएफ आहेत, एकेका निवडणुकीचा एकेक, फुकट डाउनलोड होतात. १९५१ पासूनचे सगळे. त्यात मागच्या बाजूला मतदारसंघनिहाय सगळ्या उमेदवारांची मतं असतात. शोधताना एक लक्षात ठेवा, जुन्या अहवालात सोलापूर नाही, 'शोलापूर' आहे, इंग्रजांच्या स्पेलिंगप्रमाणे. मी सर्च मधे सोलापूर टाकून अर्धा तास शिव्या घालत होतो की आपला जिल्हाच नाही ह्यात. सांगोला पण 'सांगोले' असा सापडतो. पीडीएफ स्कॅन केलेली असेल तर सर्च चालतच नाही, हाताने पानं उलटायची, साधारण शेवटाकडे जायचं कारण आपले क्रमांक मागे येतात. क्रमांकावरून जाल तर तेही प्रत्येक पुनर्रचनेत बदललेत, २४९ म्हणजे शहर मध्य हे फक्त २००९ पासून.

एक्सेलमधे तयार फाईल पाहिजे असेल तर अशोका विद्यापीठाच्या त्रिवेदी सेंटरने 'लोक ढाबा' नावाने सगळा डेटा एकत्र करून ठेवलाय, तिथून मतदारसंघ निवडून उतरवता येतो. सोपं पडतं. तरी पण मी म्हणतो एकदा तरी मूळ अहवालाशी ताडून बघा, निदान पहिला, दुसरा आणि फरक एवढं तरी.

पक्षांची इंग्रजी अक्षरं ही अजून एक डोकेदुखी. १९७८ ला काँग्रेस दोन होत्या, एक नुसती आणि एक आय. १९८० ला आय आणि यू म्हणजे अरस काँग्रेस. १९८५ ला पवारांची समाजवादी काँग्रेस वेगळी. राष्ट्रवादी जन्माला आली १९९९ च्या जूनमधे, त्याच्या आधीच्या ओळीत कोणाच्या नावासमोर राष्ट्रवादी लिहिलेलं दिसलं तर तो तक्ता तिथेच मिटवा. आणि २०२४ च्या ओळीत शिवसेना, शिवसेना ठाकरे, राष्ट्रवादी, राष्ट्रवादी शरद पवार असे चार वेगळे रकाने लागतात. २०१९ च्या 'शिवसेना' ला २०२४ च्या कुठल्या शिवसेनेशी जोडायचं हे तुमचं तुम्ही ठरवा, मी जोडतच नाही, दोन्हीसमोर टीप टाकतो.

तक्ता कसा मांडायचा. बहुतेक लोक एका निवडणुकीला एक ओळ करतात, वर्ष, विजयी, पक्ष, संपलं. तसं करू नका. एका उमेदवाराला एक ओळ करा. वर्ष, तारीख, सार्वत्रिक का पोट, उमेदवाराचं नाव, पक्ष, मतं, क्रमांक, आणि एक रकाना 'कुठून घेतलं' चा. अपक्ष पण सगळे घ्या, हजार-पाचशे मतांवाले पण. काम तिप्पट वाढतं, कबूल आहे. पण खरा इतिहास दुसऱ्या-तिसऱ्या नंबरवाल्यांच्यात असतो, जिंकणाऱ्याचं नाव तर पानपट्टीवाला पण सांगेल.

उदाहरण म्हणून आपलं शहर मध्य घेऊ. २००८ ला हा मतदारसंघ झाला, जुन्या शहर दक्षिणचा बराच भाग त्यात आला. जुन्या शहर दक्षिणमधून माकपचे नरसय्या आडम, म्हणजे आडम मास्तर, तीनदा आमदार झाले, १९७८, १९९५, २००४. विडी कामगार, यंत्रमाग, गिरण्या, पूर्व भागातली तेलुगू भाषिक वस्ती, लाल बावटा, हे सगळं तिथलं. शहर मध्यमधून मात्र २००९, २०१४, २०१९ तिन्ही वेळा काँग्रेसच्या प्रणिती शिंदे. नुसती विजयी नावं बघितली तर काय दिसतं? काँग्रेसचा बालेकिल्ला. आता मतं बघा. २००९ ला त्यांना ६८ हजार, दुसऱ्या नंबरच्या आडम मास्तरांना साधारण ३५ हजार. २०१४ ला ४७ हजाराच्या आत, दुसरा नंबर एमआयएमचा ३७ हजार, तिसरी शिवसेना ३३ हजार. २०१९ ला ५१ हजार, एमआयएम ३८-३९ हजार, आणि खाली दोघे जवळपास सारखे, शिवसेनेतून बंड केलेले महेश कोठे अपक्ष म्हणून ३० हजार आणि शिवसेनेचे अधिकृत दिलीप माने २९ हजार. म्हणजे ६८ वरून ४७-५१ वर येऊनही जागा राहिली, कारण समोरची मतं तीन ठिकाणी वाटली गेली. २०२४ ला प्रणितीताई लोकसभेवर गेल्या होत्या, विधानसभेला भाजपचे देवेंद्र कोठे आले, एमआयएम परत दुसऱ्या नंबरला, आणि काँग्रेस पहिल्या दोघात पण नाही. आता ज्याच्याकडे फक्त विजयी उमेदवारांची यादी आहे त्याला हा निकाल आभाळातून पडल्यासारखा वाटेल, आणि ज्याच्याकडे तिसऱ्या-चौथ्या नंबरची मतं आहेत तो म्हणेल हे २०१४ पासूनच दिसत होतं.

आडम मास्तरांचं अजून एक. विडी कामगार महिलांची १० हजार घरांची गोदूताई परुळेकर वसाहत त्यांच्या संघटनेने शहराबाहेर कुंभारीला उभी केली, २००६ ला मनमोहन सिंगांच्या हस्ते उद्घाटन झालं. ज्यांनी घरं मिळवून दिली त्यांचेच लोक शहर मध्यच्या हद्दीबाहेर राहायला गेले. ह्याने मतं किती हलली हे आकड्यात सिद्ध करणं अवघड आहे, कारण मतदार यादीतलं नाव आणि राहतं घर आपल्याकडे एकत्र असतंच असं नाही, पण असली ओळ तक्त्याच्या शेजारी टिपेत लिहून ठेवायची. तक्ता वाचताना उपयोगी पडते.

टक्केवारी काढताना तीन-चार गोष्टी सांभाळा. एकूण मतदार, झालेलं मतदान आणि वैध मतं हे तीन वेगळे आकडे आहेत. मतदानाची टक्केवारी एकूण मतदारांवर, उमेदवाराची टक्केवारी वैध मतांवर. कागदी मतपत्रिका असताना बाद मतं बरीच असायची, शिक्का दोन चिन्हांच्या मधे मारायचा वगैरे, मशीन आल्यावर ती गेली. १९९० च्या ओळीत मतदारांची संख्या एकदम उडी मारते, लोकसंख्या वाढली म्हणून नाही, तर १९८९ पासून मतदानाचं वय २१ वरून १८ झालं म्हणून. नोटा (म्हणजे 'यापैकी कोणीही नाही') २०१४ पासून दिसेल. ती उमेदवारांच्यात धरू नका, अनामत रक्कम जप्त झाली का हे बघताना वैध मतांचा सहावा हिस्सा धरतात, त्यातही नोटा धरत नाहीत. अनामत रकान्याने चांगली करमणूक होते एवढं सांगतो, मोठमोठी नावं सापडतात, पण इथे कुणाची काढत नाही.

पक्ष बाजूला ठेवा, माणूस धरा. हे मी बार्शीवरून शिकलो. बार्शीत २००४ ला राजेंद्र राऊत शिवसेनेकडून आले, २००९ ला दिलीप सोपल अपक्ष, २०१४ ला सोपल राष्ट्रवादी, २०१९ ला राऊत अपक्ष आणि समोर सोपल शिवसेनेकडून, २०२४ ला सोपल ठाकरेंच्या शिवसेनेकडून आणि समोर राऊत शिंदेंच्या शिवसेनेकडून. पक्षाच्या रंगाने तक्ता रंगवला तर गोधडी होते, काय कळत नाही. माणसाच्या रंगाने रंगवा, दोनच रंग, राऊत आणि सोपल, आणि सगळं स्वच्छ दिसतं. (बार्शी जिल्हा सोलापूर पण लोकसभेला धाराशिवमधे, हे पण लिहून ठेवा, लोकसभेची तुलना करताना चुकतं.) करमाळ्यात नारायण पाटील २०१४ ला शिवसेनेकडून रश्मी बागलांपेक्षा फक्त २५७ मतांनी पुढे, २०१९ ला सेनेने तिकीट बागलांनाच दिलं म्हणून अपक्ष उभे राहून पडले, २०२४ ला शरद पवारांच्या राष्ट्रवादीकडून परत आमदार. २०१४ ला तिसरे कोण होते? संजयमामा, आणि तेही फार मागे नव्हते. २०१९ चं बी तिथे पेरलेलं होतं.

उलट्या बाजूने शहर उत्तर बघा, २००४ पासून २०२४ पर्यंत पाच वेळा भाजपचे विजयकुमार देशमुख. तक्ता दहा मिनिटात होतो आणि शिकायला फार काही मिळत नाही. फक्त दक्षिण सोलापूरचे सुभाष देशमुख पण भाजपचेच, २०१४ ते २४ तीनदा, आणि २०१४ ते १९ च्या सरकारात दोघेही मंत्री झाले. बाहेरगावचे लोक ह्या दोघांची अदलाबदल करतात आणि तिसरे सांगोल्याचे देशमुख पण त्यांचेच भाऊबंद समजतात. आडनावावरून नातं जोडायचं नाही. शिंदे तर जिल्ह्यात ढिगाने, पाटलांबद्दल बोलायलाच नको. नावाचा रकाना पूर्ण भरा, वडिलांच्या नावासकट.

आता परत सांगोल्यावर, कारण पैज तिथली होती. आबा १९६२ ला पहिल्यांदा आले, शेतकरी कामगार पक्ष, शेवटपर्यंत तोच पक्ष. १९६७, १९७४ ची पोट, १९७८, १९८०, १९८५, १९९०, मग १९९५ चा पराभव, परत १९९९, २००४, २००९, २०१४. मोजा, ११ भरतात. १९९५ ला हरवणारे शहाजीबापू पाटील, तेव्हा काँग्रेसमधे. हेच शहाजीबापू पुढे २०२२ ला गुवाहाटीतून फोनवर काय झाडी काय डोंगर म्हणून घराघरात पोचले. २०१९ ला वय झालं म्हणून आबा उभे राहिले नाहीत, नातू अनिकेत उभे राहिले आणि शहाजीबापू शिवसेनेकडून ९९,४६४ विरुद्ध ९८,६९६, म्हणजे ७६८ मतांनी आले. १९२ आणि ७६८. माझ्या लक्षात आलं नव्हतं, भाच्याने दाखवलं की १९२ चोक ७६८. त्याला काही अर्थ नाही, योगायोग आहे, पण तक्ता समोर असल्याशिवाय असली गंमत पण सापडत नाही. खरी नोंद घ्यायची ती ही, की बापूंचे दोन्ही विजय देशमुखांच्या घराविरुद्ध आणि दोन्ही हजाराच्या आतले, मधल्या २४ वर्षात हद्द बदलली, पक्ष बदलला, उमेदवाराची पिढी बदलली तरी. आणि २०२४ ला आबांचे दुसरे नातू बाबासाहेब शेकापकडूनच परत आले, ह्यावेळी तिरंगी लढत, बापूंसमोर ठाकरेंच्या सेनेचे दीपक साळुंखे पण होते.

गावनिहाय खोलात जायचं असेल तर फॉर्म २०. निकालानंतर प्रत्येक बूथवर कोणाला किती मतं पडली त्याचा हा तक्ता, राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांच्या साईटवर मिळतो. कागदी मतपत्रिकांच्या काळातला शोधत बसू नका. तेव्हा पेट्या फोडून मतपत्रिका एकत्र मिसळून मोजायचे, कुठल्या गावाने कोणाला दिलं हे कळू नये म्हणूनच. मशीन आल्यावर बूथचा आकडा उघडा झाला. फॉर्म २० वापरताना बूथ क्रमांकावर अजिबात विश्वास ठेवू नका, दर निवडणुकीला क्रमांक सरकतात, नवीन बूथ वाढतात. मतदान केंद्रांची यादी वेगळी मिळते, त्यात शाळेचं आणि गावाचं नाव असतं, ती शेजारी ठेवून गावाच्या नावाने जुळवायचं. टपाली मतं खाली वेगळी असतात, ती कुठल्याच गावात टाकायची नाहीत.

माळशिरस तालुक्यातलं मारकडवाडी आठवतंय ना, २०२४ च्या निकालानंतर देशभर गाजलं ते. मतदारसंघात उत्तमराव जानकर निवडून आले, पण त्या गावात राम सातपुतेंना १,००३ आणि जानकरांना ८४३ असा आकडा निघाला, गावातल्या काही लोकांना तो पटला नाही, त्यांनी मतपत्रिकेवर परत मतदान घ्यायचं ठरवलं, प्रशासनाने जमावबंदी लावली आणि ३ डिसेंबरला ते बारगळलं. कोण बरोबर ह्या वादात मी पडत नाही. सांगायचं एवढंच की तो सगळा वाद ह्या बूथच्या आकड्यावर उभा होता. असला दावा कोणी कुठल्याही गावाचा केला तर तुम्ही २०१४, २०१९, २०२४ तिन्हीचे आकडे शेजारी मांडा, त्यातच लोकसभेचे पण टाका, मग बोला.

आकड्यांच्या बाहेरचं मिळवायला पेपर आणि म्हातारी माणसं. हिराचंद नेमचंद वाचनालयात जाऊन जुने पेपर मागा, निकालाच्या दुसऱ्या दिवसाचे नाही, अर्ज माघारीच्या दुसऱ्या दिवसाचे. कोणी कोणासाठी माघार घेतली हे तिथे असतं, निकालाच्या अंकात फक्त गुलाल असतो. आणि साखर कारखान्यांच्या निवडणुका सोडू नका. ग्रामीण मतदारसंघात विधानसभेची तालीम कारखान्यात होते, गुरसाळ्याचा विठ्ठल कारखाना भालकेंकडे होता, पुढे अभिजित पाटील त्याचे चेअरमन झाले आणि २०२४ ला माढ्यातून आमदार, तेही बबनदादा शिंदेंच्या मुलाला हरवून, जिथे दादा १९९५ पासून सहा वेळा निवडून आले होते. विधानसभेच्या तक्त्याशेजारी कारखान्याच्या पॅनेलचा एक रकाना केला की असले निकाल उलगडतात.

म्हाताऱ्या माणसांना विचारताना 'कोण निवडून आलं' असं विचारू नका, वर्ष ते हमखास चुकतात. 'तुम्ही मत दिलं तेव्हा चिन्ह काय होतं' असं विचारा. बैलजोडी म्हणाले तर काँग्रेस फुटायच्या म्हणजे १९६९ च्या आधीचं, गाय-वासरू म्हणाले तर सत्तरीच्या दशकातलं, हात म्हणाले तर त्यानंतरचं. आमच्या शेजारच्या आजोबांनी दुष्काळ, सुकडी आणि गाय-वासरू एका वाक्यात सांगितलं आणि १९७२ ची निवडणूक जागेवर बसली. जातीची गणितं मात्र कोणी कितीही छातीठोक सांगितली तरी आकडा म्हणून लिहायची नाहीत. मतदार यादीत जात नसते, सांगणारा अंदाज सांगत असतो. लिहायचंच तर 'असं स्थानिक लोक मानतात' असं लिहा.

आणि एक काम आजच करून ठेवा, तक्ता नंतर केला तरी चालेल. तुमच्या मतदारसंघाचे २००९ पासूनचे सगळे फॉर्म २० आणि मतदान केंद्रांच्या याद्या डाउनलोड करून पेन ड्राईव्हवर टाका. साईट बदलली की जुन्या लिंका मरतात, माझ्या दोन मेल्या. २०२६ नंतरच्या जनगणनेवर हद्दी परत हलणार आहेत, तेव्हा पंढरपूर तालुक्याचे चार तुकडे कुठे जातील, करमाळ्यातली ३६ गावं राहतील का जातील कोणाला माहीत, पण गावनिहाय आकडे हातात असतील तर जुने निकाल नव्या हद्दीत परत जुळवता येतात. फाईलच्या नावात वर्ष आणि मतदारसंघ मराठीत लिहा, आणि शहर उत्तर असेल तर 'शहर' लिहायला विसरू नका.